जागर खडा: उजेडाचा हिशेब कसा बसवायचा?

दगडफूल
धूमखोऱ्याच्या आपल्या सामायिक विश्वात जागर खडा बऱ्याच कथांत येऊन गेला, पण प्रत्येक कथेत त्याचा स्वभाव वेगळा. एकीकडे तो बारमाही पेटलेला, दुसरीकडे मंत्र म्हटल्याशिवाय उजळत नाही. खाणीवरची मालिका सुरू करायच्या आधी नियम एकदाच ठरवून टाकू, म्हणजे पुढे एकाच्या कथेने दुसऱ्याची कथा खोटी पडणार नाही.

आतापर्यंत सर्वांना मान्य असलेलं एवढंच: जागर जुन्या, थंड झालेल्या लाव्हाच्या पोकळ्यांत सापडतो. उन्हात भरतो, अंधारात फिकट हिरवा उजेड सोडतो. जादू एकच, ती म्हणजे एका स्फटिकाचे तुकडे केले तरी ते भावंडं राहतात. एक तुकडा डोंगरावर उन्हात ठेवला तर दुसरा खाणीत उजळतो, अट तीन कोसांची. त्यापलीकडे नातं तुटतं, परत आत आलं की जुळतं.

आता उजेड किती, टिकतो किती, खडा चिरायचा कसा, बिघडतं काय आणि फसवणूक कशी होते, हे ठरवायचंय. चालू द्या.

गारगोटी
उजेड येतो कुठून हे आधी ठरवा, बाकीचं बरंचसं त्यातून आपोआप निघतं.

खऱ्या खनिजांत प्रकार बरेच आहेत. फ्लुओराइट, विलेमाइट, कॅल्साइट यांचे काही नमुने अतिनील दिवा धरला की झळकतात आणि दिवा काढला की बहुधा लगेच विझतात. ही प्रतिदीप्ती, आपल्या उपयोगाची नाही. दुसरा प्रकार किरणोत्साराचा. रेडियम मिसळलेल्या रंगाचे घड्याळाचे आकडे ऊन न दाखवताही वर्षानुवर्षं उजळायचे. त्यात रेडियम टिकतं (अर्धायुष्य सुमारे 1600 वर्षं), आधी थकतं ते त्याच्यासोबतचं झिंक सल्फाइड. शिवाय रेडियम पोटात गेलं की हाडांत जाऊन बसतं, त्यामुळे खडा चाटून पाहणारा सोनार पुढच्या भागात लागणार असेल तर हा प्रकार नको.

तिसरी स्फुरदीप्ती, म्हणजे उजेड साठवून सावकाश सोडणं. सतराव्या शतकाच्या सुरुवातीला बोलोन्यात विन्चेन्झो काशारोलो या चांभाराने, किमयेच्या नादात, बराइट कोळशासोबत भाजलं आणि अंधारात चमकणारा दगड मिळवला. आज युरोपियम आणि डिस्प्रोशियम मिसळलेलं स्ट्रॉन्शियम ॲल्युमिनेट हेच काम रात्रभर करतं. जागर याच घराण्यातला धरा. मग पुढच्या गोष्टी मानाव्याच लागतात.

एक म्हणजे हिरवा उजेड देणारा खडा लाल उजेडाने भरत नाही. बाहेर पडणारा उजेड शोषलेल्या उजेडापेक्षा कमी ऊर्जेचा असतो, हे स्टोक्सने 1852 मध्ये मांडलं. त्यामुळे शेकोटीसमोर किंवा तेलाच्या दिव्याखाली खडा ठेवून हाती फारसं काही लागत नाही. उलट सावलीतला आकाशाचा निळसर उजेड बऱ्यापैकी कामाचा. आणि एका जागराच्या उजेडात दुसरा जागर भरता येत नाही, हे तर आलंच.

उजेड सरळ रेषेत कमी होत नाही. ऊन तुटल्यावर पहिल्या मिनिटाला जेवढा असतो, त्याच्या दहावा हिस्सा दहाव्या मिनिटाला आणि शंभरावा हिस्सा शंभराव्या मिनिटाला उरतो. तंतोतंत नाही, पण कथेच्या अंदाजाला पुरे. म्हणजे आधी झपाट्याने उतार आणि मग रात्रभर रेंगाळणारी अंधुक शेपटी.

आणि उष्णता. खडा तापला की साठा लवकर बाहेर पडतो, म्हणून तेज वाढतं पण आयुष्य घटतं. गार ठेवला की साठा आत अडकून राहतो. मुठीत धरलेला खडा उजळ दिसतो तो याचमुळे, धरणाऱ्याच्या शुद्ध मनामुळे नव्हे. फ्लुओराइटचे काही नमुने तर नुसत्या तळहाताच्या उबेने चमकतात.

उपटसुंभ
मग मखमली पिशवीतून खडा काढला आणि गुहा उजळली, हे दृश्य गेलंच की!

गारगोटी
नाही गेलं, वेळ सांभाळा. दिवसभर उन्हात ठेवून तिन्हीसांजेला गुहेत न्या आणि लगेच काढा. पिशवी चोरापासून वाचवते, उजेड वाचवत नाही. झाकलेला खडाही आतल्या आत उजेड सोडतच असतो, तो फक्त आपल्याला दिसत नाही. वाचवायचा असेल तर गारवा हवा. माठातलं पाणी बरं, हिमगुहा उत्तम. पण उन्हातून काढलेला खडा थेट गार पाण्यात टाकाल तर तडकेल. आधी सावलीत, मग कोमट पाण्यात, मग गार पाण्यात.

वजनकाटा
वरच्याशी सहमत. आता हिशेबाचं बघू, कारण भावंडांची जादू हिशेबाशिवाय सोडली तर चार भागांत सगळं विश्व फुकट उजेडात न्हाऊन निघेल.

एकक असं घेऊ: पूर्ण भरलेला एक ग्रॅम जागर म्हणजे एक माप उजेड. 400 ग्रॅमच्या स्फटिकात 400 मापं. त्याचे 300 आणि 100 ग्रॅमचे तुकडे केले तरी साठा सामाईक राहतो आणि वजनाप्रमाणे वाटला जातो. तळाशी नळीने जोडलेले दोन हंडे कल्पा: पाणी कुठल्याही हंड्यात ओता, पातळी दोन्हीकडे सारखीच.

पण भरणं वजनावर नसतं, पृष्ठभागावर असतं. दुपारच्या कडक उन्हात एक चौरस सेंटिमीटर पृष्ठ तासाला दीड माप घेतो असं धरू. म्हणून वर ठेवायचा तुकडा पातळ आणि रुंद हवा, खालचा जाड. वरच्याला ताट म्हणू, खालच्याला गोळा. ताट हलकं असावं, कारण ताटातला साठा रात्री डोंगरावर वाया जाणार.

काळोखी
इथेच मोठं भगदाड आहे. पातळी कायम सारखी राहत असेल, तर शत्रूने गोळ्याचा एक ग्रॅमचा टवका उडवायचा, घरी नेऊन उकळत्या पाण्यात टाकायचा आणि शांत बसायचं. टवका भराभर उजेड ओकणार, पातळी सारखी करायला सगळा साठा तिकडे धावणार. एका ग्रॅमने अख्खी खाण अंधारात. असला खडा कुठला राजा विकत घेईल?

वजनकाटा
बरोबर पकडलंत. यावर उपाय म्हणजे वाहण्याला मर्यादा. कुठलाही तुकडा भावंडांकडून तासाला स्वतःच्या वजनाइतकीच मापं घेऊ किंवा देऊ शकतो. 5 ग्रॅमचा टवका उकळत ठेवला तर दहा तासांत 50 मापं जातील, म्हणजे 400 च्या साठ्यातला आठवा हिस्सा. त्रास होईल, सर्वनाश नाही. 20 ग्रॅम चोरीला गेले तर मात्र रात्रीत 200, म्हणजे निम्मा साठा. चोरीला वजन आलं की कथेलाही वजन येतं.

या मर्यादेतून ताटाची जाडीही ठरते. जागरची घनता 3.6 धरली तर 4 मिलिमीटर जाड ताटाच्या एका चौरस सेंटिमीटरचं वजन 1.44 ग्रॅम. तो तासाला दीड माप शोषतो आणि 1.44 पुढे पाठवू शकतो. म्हणजे जवळपास बरोबरीत. 2 मिलिमीटरचं केलं तर शोषेल तेवढंच, पाठवू शकेल निम्मं, बाकीचं ऊन फुकट. 8 मिलिमीटरचं केलं तर अर्धं वजन उगाच डोंगरावर अडकून पडेल. तेव्हा 4 ची जाडी. 100 ग्रॅमचं ताट म्हणजे साधारण 8.3 सेंटिमीटर बाजूचा चौकोन. ते आणि 300 ग्रॅमचा गोळा रिकामे असतील तर दोन्ही भरायला कडक उन्हाचे चार तास लागतील.

दगडफूल
मर्यादेचा नियम मान्य, वरच्या यादीत घालते. चिरताना जो भुगा पडतो तोही भावंडच ना? की इतक्या बारीक कणांना नातं लागू नाही?

पाचर
लागू असलंच पाहिजे, आणि सगळी गंमत तिथेच आहे. करवतीने कापताना स्फटिकाचा वीसावा हिस्सा सहज भुगा होतो. 400 ग्रॅमला 20 ग्रॅम. भुग्याचा पृष्ठभाग प्रचंड, त्यामुळे मिळेल तो उजेड तो लगेच उधळतो. वजनकाटा यांचंच गणित लावा: कारखान्याच्या फरशीच्या फटीत बसलेला 20 ग्रॅम भुगा जन्मभर गिऱ्हाइकाच्या खड्यातून उजेड ओढत राहणार. म्हणून जागर चिरणाऱ्याचं खरं कसब भुगा सांभाळण्यात आहे. चांगला कारागीर आणि भामटा यांतला फरकही तिथेच कळतो.

चिरायची रीत मी अशी सुचवतो. जागरला टोपाझसारखा गुण द्या: काठिण्य 8 (हिऱ्याला 10 धरणाऱ्या मोहस मापावर) आणि फुटण्याची एकच सोपी दिशा. फ्लुओराइटसारख्या चार दिशा दिल्या तर ताट निघण्याआधीच त्याचे अष्टफलक तुकडे होतील. एकच दिशा असली की ताटाचे सपाट पृष्ठ कापावेच लागत नाहीत. पोलादी पात्याची धार त्या दिशेला समांतर टेकवायची आणि लाकडी हातोडीने एकच हलका ठोका. दोन ठोके मारले तर दुसरी भेग तिरकी जाते आणि ताट कोपऱ्यातून तुटतं. कडा तेवढ्या करवतीने सरळ करायच्या, त्याने भुगा शेकडा एकावर येतो. वाळू लावून कडा कापल्या जाणार नाहीत, कारण क्वार्ट्झ 7 वर थांबतं. कुरुंदाची पूड लागेल, तिचं काठिण्य 9.

खडा आधी रिकामा करून घ्यायचा. कोमट पाण्यात ठेवून पाणी हळूहळू तापवायचं, अंधारात बघत राहायचं, उजेड दिसेनासा झाला की पाण्यातच गार होऊ द्यायचं. भरलेला खडा चिरायला घेतला तर करवतीच्या उबेने उजेडाचा लोंढा येतो, कारागिराला रेघ दिसत नाही आणि पातं दिशा सोडतं.

कापणं सतत पाण्याखाली, खाली तांब्याची परात. परातीतला गढूळ राडा एकामागून एक तीन बादल्यांत निवळू द्यायचा, तिसऱ्या बादलीचं पाणीही जाड कापडातून गाळायचं. करवतीचं पातं, हातातलं फडकं, कारागिराचा अंगरखा, सगळं त्याच पाण्यात धुवायचं. साचलेला गाळ सावलीत वाळवून लोखंडी तव्यावर मारायचा.

उपटसुंभ
मारायचा म्हणजे? आणि कुणाला?

पाचर
भुग्याला. 300 अंश सेल्सियसला नातं कायमचं तुटतं असं धरू. उष्णतामापक या विश्वात नाही, म्हणून तव्यावर भुग्याशेजारी शिशाचा तुकडा ठेवायचा. कथील लवकर वितळतं, 232 ला, त्यावर विसंबून चालणार नाही. शिसं 327 ला वितळतं. शिसं पाणी झालं की भुगा मेला. थर बोटाच्या पेरापेक्षा जाड नको, नाहीतर खालचा मेलेला आणि वरचा जिवंत. हे काम उघड्यावर, वाऱ्याला पाठ करून. शिशाचा धूर छातीत गेला तर भुग्याआधी कारागीर जाईल.

खात्री करायची ती दुसऱ्या दिवशी. मूळ खडा उन्हात, भुगा काळ्या डबीत, आणि बघणारा आधी अर्धा तास अंधारात बसलेला. डबीत एक कण जरी लुकलुकला तरी पुन्हा तवा.

काळोखी
म्हणजे कारागिराने चिमूटभर भुगा मुद्दाम जिवंत ठेवला तर? 2 ग्रॅम कुणाच्या लक्षात येणार?

वजनकाटा
डोळ्याला नाही येणार. आज तेज किती आणि गेल्या महिन्यात किती, हे आठवणीवर कुणालाही सांगता येत नाही. पण काट्याला येईल. आधीचं वजन, सगळ्या तुकड्यांचं वजन आणि मेलेल्या भुग्याचं वजन असे तीन आकडे वजनवहीत हवेत, आणि बेरीज बसायला हवी. भुगा कुरुंदात मिसळतो, म्हणून कुरुंदही मोजून घ्यायचा. कारागिरांची जुनी चलाखी अशी ठेवता येईल: मेलेल्या भुग्याच्या जागी कुरुंद तोलून देणं.

गारगोटी
कुरुंदाची घनता 4 च्या आसपास, जागरची 3.6. पूड पाण्यात बुडवून तोलली तर चलाखी पकडता येते, फक्त पाण्यात अडकलेले बुडबुडे आधी ढवळून काढायला हवेत, नाहीतर घनता खोटी कमी दिसते आणि चोर सुटतो.

दगडफूल
खाणीकडे वळू. जागर काढताना खाणकामगारांना तो चमकताना दिसतो, असं आधीच्या तीन-चार कथांत आहे. ठेवायचं?

पाचर
नको. डोंगराच्या पोटातल्या स्फटिकाने ऊन कधी पाहिलेलंच नाही, मग तो भरणार कशाने? पोकळीतला जागर मळकट काचेसारखा दिसतो, शेजारच्या कॅल्साइटपासून ओळखायचा तर ओरखडा काढून. कॅल्साइटवर लोखंडी खिळा उमटतो, जागरवर नाही.

अपवाद एक आहे आणि तो मला फार आवडतो. पूर्वी कधीतरी कडा कोसळून एखाद्या स्फटिकाचा तुकडा ओढ्यात गेला असेल, तर त्या तुकड्यावर ऊन पडलं की डोंगरातला उरलेला भाग आतल्या आत उजळतो. अशी पोकळी ती जिवंत पोकळी. म्हणून शोध घेणारे भर दुपारी, आकाश निरभ्र असताना, बोगद्यात दिवे विझवून बसतात. रात्री बसणं व्यर्थ. दगडाच्या फटीतून हिरवी रेघ दिसली तर खडूने खूण करायची. त्यानंतर तो ओढ्यातला तुकडा हुडकायला लागतो, नाहीतर घेतलेला खडा कायमचा गळका. त्याचा शोध मात्र रात्री, ओढ्याच्या पात्रातून चालत. वाळूत गाडला गेलेला तुकडा दिसणार नाही, पण त्याच्यावर ऊनही पडत नाही. तो भरत नाही, नुसताच घेतो, म्हणून जास्त वाईट. पाणी गार असल्याने गळती कमी, एवढंच समाधान.

काढायची पद्धत: हातोड्याने ठोकत जायचं, पोकळ आवाज आला की थांबायचं. खडक तापवून त्यावर पाणी मारून फोडायची जुनी पद्धत इथे चालणार नाही, जागर तडकेल आणि फार तापला तर नातंच जाईल. पोकळीपासून हातभर अंतर सोडून ओळीत भोकं पाडायची, त्यांत सुक्या लाकडाच्या पाचरी घट्ट ठोकायच्या आणि रात्रभर भिजवत ठेवायच्या. लाकूड फुगून खडक रेघेत उलतो. शेवटचं हातभर छिन्नी आणि सुतकीने. पहार घातली की घात.

गारगोटी
एक गोष्ट कुणीच लिहीत नाही म्हणून सांगतो. जागर आल्यावर खाणीतली ज्योत गेली, की हवेची खबर देणाराही गेला. प्राणवायू कमी झाला की ज्योत आधी मंदावते, मग विझते, तोवर माणसाला पळायला अवसर मिळतो. कार्बन डायऑक्साइड हवेपेक्षा जड, तो उतरत्या बोगद्याच्या तळाशी साचतो. हिरव्या उजेडात सगळं ठीक दिसत असताना माणसं गुडघ्यावर येतात. म्हणून प्रत्येक टोळीमागे एक तेलाचा दिवा हवाच, आणि तो डोक्याशी नाही, गुडघ्याच्या उंचीवर धरायचा.

कोळशाच्या खाणीत उलट. तिथे मिथेन हवेत साधारण 5 ते 15 टक्के झाला की ज्योतीने स्फोट होतो. आपल्याकडे यावर जाळीचा सुरक्षा दिवा 1815 मध्ये डेव्हीने काढला. धूमखोऱ्यात जागरची खरी किंमत कोळसेवाले मोजतील, जागरच्या खाणीचे मालक नव्हे. व्यापाराच्या कथेला हा धागा घ्या.

काळोखी
उजेड नक्की किती पडतो? लढाईच्या प्रसंगासाठी विचारतेय.

गारगोटी
300 ग्रॅमचा गोळा ताटातून भरत असताना एक मेणबत्ती धरा. एक मीटरवर सुमारे 1 लक्स (लक्स म्हणजे पृष्ठावर पडणारा उजेड मोजायचं एकक). पौर्णिमेचं चांदणं साधारण पाव लक्स. म्हणजे जवळचं दिसेल, पंधरा पावलांवरचा माणूस नुसता आकार. ऊन तुटल्यावर दहा मिनिटांत तेज चांदण्याच्याही खाली जातं.

डोळ्यांचं मात्र विसरू नका. उन्हातून आत आलेल्याला पूर्ण सरावायला 20 ते 30 मिनिटं लागतात. आत बसलेल्याला तोवर तो स्पष्ट दिसत असतो. त्यामुळे जागरच्या खाणीवर भर दुपारी हल्ला करणं मूर्खपणा, आणि पाळी बदलताना तोंडाशी एक अंधारी खोली हवी. रंगही कळत नाहीत. हिरव्या उजेडात लाल माती, रक्त आणि ओला खडक सारखेच काळे. जखमी माणूस भिजलेला आहे असं समजून सोबती पुढे निघून जातो, असा प्रसंग लिहायला हरकत नाही.

रात्रपाळीचं काय, हे कुणी विचारण्याआधी: रात्री ताटाला ऊन नाही, म्हणून रात्रपाळी नाही. ज्याला हवी त्याने तेल जाळावं.

उपटसुंभ
तीन कोसांवरून निरोप पाठवता येईल की! ताट झाकलं-उघडलं, तिकडे गोळा लुकलुकला. तारयंत्रच.

वजनकाटा
उजळायला वेळ लागत नाही, विझायला लागतो. पहिल्या खुणेची शेपटी दुसऱ्या खुणेत मिसळते. लुकलुक नाहीच, नुसता कमी-जास्त होणारा ओशाळा उजेड. एक अक्षर वाचायला पाव तास धरला तरी चुका होतील.

एकदाच वापरायची धोक्याची खूण मात्र उत्तम जमते. 10-10 ग्रॅमची जोडी घ्या, दोन्ही रिकामी करून काळ्या डब्यांत ठेवा. टेहळ्याने आपलं ताट उन्हात उघडलं की सहा मिनिटांत साधारण एक माप येईल, निम्मं किल्ल्यात पोचेल. अंधाऱ्या खोलीत बसलेल्या पहारेकऱ्याला तेवढं पुरे.

काळोखी
आणि शत्रू रात्री आला तर? शत्रू रात्रीच येतो.

गारगोटी
मशालीने भरणार नाही, वर सांगितलंय. गंधक जाळलं तर निळी ज्योत मिळते, ती चालेल. ताट ज्योतीशेजारी, वर नाही, नाहीतर तापून आलेला उजेड तिथेच सांडेल. धुराने टेहळ्या खोकून बेजार होणार आणि खोकल्याचा आवाज शत्रूला जाणार, हा भाग लेखकाने सोडवावा.

दगडफूल
फसवणुकीचं राहिलं. बाजारातला साधा गिऱ्हाईक खडा तपासणार कसा?

वजनकाटा
नकली ओळखणं सोपं. चमकणारी पूड फासलेली काच असेल तर हवेत आणि पाण्यात तोला. हवेत 72 ग्रॅम, पाण्यात 52 भरला तर फरक 20, भागाकार 3.6, म्हणजे खरा. साध्या काचेचा 2.5 च्या आसपास येतो. चमकत्या बुरशीचं लाकूड कोंदणात बसवून विकणारेही असतील, पण बुरशीला ओल आणि हवा लागते, कोरड्या डबीत ठेवली की विझते.

अवघड आहे तो अस्सल खडा, ज्याचं भावंड विक्रेत्याने दडवून ठेवलंय. घनता बरोबर, काठिण्य बरोबर, तेजही बरोबर. तो ओळखायचा वेळेवरून. 100 ग्रॅमचं 4 मिलिमीटरचं ताट एकटं असेल तर रिकामं ते भरलेलं व्हायला कडक उन्हात तासाच्या थोडं खाली लागतं. दोन तास लागले तर तेवढ्याच वजनाचं भावंड कुठेतरी लपलेलं आहे. भरलं की नाही हे ठरवायला शेजारी आधीच पूर्ण भरलेलं, तेवढ्याच आकाराचं दुसरं ताट हवं आणि दोन्ही एकाच वेळी अंधारात न्यायला हवीत. एकट्या ताटाकडे बघून अंदाज बांधणारा फसतो.

परगावचा गिऱ्हाईक मात्र निर्धास्त. तीन कोस ओलांडले की विक्रेत्याचा हात सुटतो. म्हणून लबाड विक्रेता गावातल्याच माणसाला स्वस्तात देतो, आणि गावातला शहाणा माणूस फार स्वस्त जागर घेत नाही.

उपटसुंभ
धोक्याच्या जोडीचं एक राहिलं. एकदा वापरल्यावर परत रिकामी करायची तर दोन्ही डबे एकत्र आणायचे का?

पाचर
गरज नाही. एकच तुकडा गरम पाण्यात ठेवला तरी दोन्ही रिकामे होतात, फक्त वाहण्याची मर्यादा आहे. टेहळ्याने ताट उन्हात तासभर विसरलं असेल तर दोघांत मिळून 10 मापं असतील, किल्ल्यातल्या तुकड्याला गरम पाण्यात तासभर ठेवलं की झालं. तोवर टेहळ्याने आपला डबा बंद ठेवायला हवा, नाहीतर इकडून काढायचं आणि तिकडून भरायचं. तेव्हा वेळ आधीच ठरवून घ्यायची आणि तीही सूर्यास्तानंतरची.